कोळ्यांवरची फिल्म कोळीवाड्यात दाखवा ना

सर्वनिक कौर हे नाव लक्षात ठेवा. तुषार माधवसोबत तिने काश्मीरमधल्या कवी-गायकांवर डॉक्युमेंट्री केली, तिला पदार्पणाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि पुढची फिल्म तिने केली थेट मुंबईच्या कोळ्यांवर. 'अगेन्स्ट द टाईड'. जानेवारी २०२३ मधे अमेरिकेतल्या सनडान्स फिल्म महोत्सवात तिला ज्युरीचं खास बक्षीस मिळालं. आणि माझ्या ओळखीतल्या बहुतेक मराठी माणसांनी हिचं नावसुद्धा ऐकलेलं नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

दोन जिवलग मित्र आहेत, दोघं कोळी. एक बापाची होडी घेऊन किनाऱ्याजवळ जुन्या पद्धतीनेच मासेमारी करतो, दुसरा स्कॉटलंडला शिकून आलाय, मोठी बोट, खोल समुद्र, डोक्यावर कर्ज. किनाऱ्याजवळ मासळी उरलेली नाही, खोल समुद्रात जायचं तर डिझेल, बर्फ, खलाशांचा पगार, आणि एवढं करून जाळ्यात पुरेसं आलं नाही तर हप्ता कुठून भरणार? मग एलईडी लाईट लावायचा मोह होतो. रात्री पाण्यात झगझगीत उजेड सोडला की लहानमोठी सगळी मासळी गोळा होते आणि पिल्लंसुद्धा उचलली जातात, केंद्राने २०१७ मधेच यावर बंदी घातली तरी बाकीचे लावतायत म्हटल्यावर आपण एकट्यानेच का मरायचं हा त्याचा प्रश्न खोटा नाहीये. पहिल्या मित्राला हे पटत नाही, आणि त्याच्या घरी आजारी तान्हं बाळ आहे. दोघं भांडतात, एकत्र पितात, परत भांडतात.

मला ही फिल्म राजकीय वाटते ती याच्यामुळे. एकाही मंत्र्याची मुलाखत नाही, आकडे सांगणारा तज्ज्ञ नाही, पण हवामान, कर्ज, सरकारी धोरण सगळं त्या दोघांच्या मैत्रीत घुसलेलं दिसतं. दोघांपैकी कोणालाही ती व्हिलन करत नाही. एवढं जवळून शूट करायला माणसांचा विश्वास मिळवावा लागतो, तो घाईत मिळत नाही, आणि नवीन डॉक्युमेंट्रीवाल्यांनी हे तिच्याकडून शिकावं असं मला वाटतं.

आता दाखवण्याचं बघा. आपल्याकडे डॉक्युमेंट्रीला थिएटर मिळत नाही, जाहीर शो करायचा तर सेन्सॉरचं सर्टिफिकेट लागतं. २००४ च्या मिफमधे, म्हणजे मुंबई आंतरराष्ट्रीय फिल्म महोत्सवात, भारतीय फिल्मांना सर्टिफिकेटची अट घालायला निघाले तेव्हा फिल्मवाल्यांनी मुंबईतच 'विकल्प' नावाने स्वतःचा समांतर महोत्सव भरवला होता. ती जिद्द आज परत हवीय.

वरळीच्या कोळ्यांनी कोस्टल रोडच्या दोन खांबांमधलं अंतर वाढवून १२० मीटर करून घेतलं, म्हणजे आपल्या समुद्राबद्दल बोलायला या लोकांना कोणी शिकवायची गरज नाही. १ जून ते ३१ जुलै या मासेमारी बंदीच्या काळात बोटी किनाऱ्यालाच असतात, माणसं घरी असतात. वरळी, वर्सोवा, माहीम, कुठेही समाजमंदिरात पडदा लावा, रीतसर परवानगी घेऊन. कोळी बायकांना पुढे बसवा, कारण मासळी विकून घर चालवणाऱ्या त्याच आहेत, आणि फिल्म संपल्यावर पहिला माईक त्यांच्या हातात द्या. ज्यांच्या ओळखी आहेत त्यांनी कमेंटमधे सांगा, प्रोजेक्टर आणि भाड्याचे पैसे उभे करायला मी आहे.