बर्लिनहून: घड्याळ कुणी काढत नाही

लहान मुलांच्या गाण्याच्या रिअ‍ॅलिटी शोचा नवा हंगाम आला की आपल्याकडे ठरलेला वाद सुरू होतो. एक बाजू म्हणते, बालपण हिरावून घेतलं. दुसरी म्हणते, गुणी पोरांना मंच मिळतोय तर तुमच्या पोटात का दुखतं? बर्लिनमधून हे वाचताना खटकतं ते एवढंच, की दोन्हीकडचं कुणी घड्याळ काढत नाही. मूल किती वाजता आलं, किती वाजता सुटलं, पाच पोरांमागे मोठं माणूस एक होतं की पन्नासांमागे, हे कुणी विचारत नाही.

इथल्या तिन्ही ऑपेरागृहांकडे, म्हणजे स्टाट्सऑपर, डॉइचे ऑपर आणि कोमिशे ऑपर यांच्याकडे, मुलांचा स्वतःचा गायकवृंद आहे. त्याला किंडरकोर म्हणतात. ऑपेरा म्हणजे आपल्या संगीत नाटकाचा लांबचा भाऊ समजा, फक्त संवादही बहुधा गायलेले आणि माइक नाही. समोर साठ-सत्तर वाद्यं वाजत असताना मुलांचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जायला हवा.

बिझेच्या ‘कार्मेन’ या ऑपेराचं (१८७५) उदाहरण घ्या. पहिल्या अंकात पहारा बदलतो, पडद्यामागून ट्रम्पेट वाजतो, मग दोन पिकोलो, म्हणजे चिमुकल्या बासऱ्या, आणि रस्त्यावरची पोरं शिपायांची नक्कल करत, गात गात येतात. ऐकायला अगदी सोपं. पण रंगमंचाच्या मागच्या टोकाला, वाद्यवृंदापासून वीस मीटरवर उभ्या मुलापर्यंत आवाज पोहोचायला सेकंदाचा साधारण सतरावा भाग जातो आणि त्याचा आवाज परत यायला तेवढाच. कानावर विसंबून गायलं की सगळी रांग मागे पडते. म्हणून पहिला धडा असा: वाद्यं ऐकायची नाहीत, वाद्यवृंदाच्या दिग्दर्शकाची काठी बघायची. ती थेट दिसत नसेल तर विंगेतल्या टीव्हीच्या पडद्यावर दिसते.

दुसरी अडचण पायांची. चालता चालता मुलं पावलांच्या लयीत गायला लागतात. पावलं घाईत पडली की गाणंही पळतं. त्यामुळे आधी बसून गाणं पाठ, मग न गाता नुसतं चालणं, आणि ही दोन्ही पक्की झाल्यावरच एकत्र. रांगेच्या पुढच्या जोडीत जुनी, मुरलेली पोरं. तिसरी अडचण नाट्यदिग्दर्शकाची: त्याला उनाड पोरं हवी असतात, मग मुलं ओरडतात, आणि दोन-तीन तालमींत घसे बसतात. चांगला वृंदशिक्षक उनाडपणा खांद्यांत, टोपीत, कोपरखळ्यांत आणून देतो आणि गळा मात्र हलकाच ठेवायला लावतो.

गंमत म्हणजे डिसेंबरात घरोघरची मुलं बघायला जातात त्या हुम्परडिंकच्या ‘हेन्सेल उंड ग्रेटल’मध्ये (१८९३) हा ‘बघून गा’ नियमच मोडतो. शेवटी चेटकिणीने केक करून टाकलेली मुलं पुन्हा माणसात येतात ती डोळे मिटून, हलू न शकता, हळू आवाजात गात. काठी बघायची कशी? मग पापण्या किंचित किलकिल्या ठेवायच्या, नाहीतर मुलांना वाद्यांच्या जवळ उभं करायचं. तिथे चाल संथ आणि वाद्यं मंद असल्याने कानावर निभावतं.

आता घड्याळ. जर्मनीच्या बालकामगार कायद्याच्या सहाव्या कलमात नाटकाच्या प्रयोगासाठी सूट आहे: सहा वर्षांवरील मूल, दिवसाला जास्तीत जास्त चार तास, सकाळी १० ते रात्री ११ च्या दरम्यान. पालकांची लेखी संमती लागते, डॉक्टरांचा दाखला तीन महिन्यांपेक्षा जुना चालत नाही, आणि काम संपल्यावर सलग १४ तास मोकळे ठेवावे लागतात. आता ‘कार्मेन’ सातला सुरू झालं, मुलं रंगायला सहाला आली आणि चौथ्या अंकात पुन्हा हवी असली, तर दहाला चार तास भरतात आणि पडदा अजून पडलेला नसतो. मग मुलांना उशिरा बोलवा, मेकअप कमी करा, नाहीतर चौथ्या अंकाला दुसरी तुकडी आणा. पुच्चीनीच्या ‘ला बोहेम’मध्ये मुलांचं काम दुसऱ्या अंकातच संपतं, म्हणून वेळापत्रक करणाऱ्यांचं ते लाडकं.

आपल्याकडे कायदा नाही, असं समजणाऱ्यांनी बालकामगार कायद्याखालचे २०१७ चे नियम वाचावेत. बालकलाकाराला दिवसाला पाच तास, विश्रांतीशिवाय सलग तीनपेक्षा जास्त नाही, सलग २७ दिवसांपेक्षा जास्त काम नाही, पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती, आणि कमाईचा किमान २० टक्के वाटा राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावे मुदत ठेवीत. ही शेवटची अट तर जर्मन कलमात नाही. म्हणजे कागद आपलाही बरा आहे.

फरक मुलाला कुठे उभं केलंय त्यात आहे. किंडरकोरमधल्या मुलाला सर्दी झाली तर ते कपडे घालून रंगमंचावर येतं आणि गात नाही, बाकीचे सांभाळतात. शोमधल्या एकट्या स्पर्धकाला ही सोय नाही, आणि घसा धरलेल्या दिवशीच नेमकं त्याचं बाद होणं प्रक्षेपित होतं. बालपण हिरावल्याची ओरड करणारे इथे बरोबर आहेत, पण ते दोष मंचाला देतात, मांडणीला नाही.

इथलं सगळं गोड नाही. आठवड्यात दोन-तीन दुपारी पोराला सोडणारं-आणणारं कुणीतरी हवं, त्यामुळे वृंदात कुणाची मुलं जास्त येतात हे सांगायला नको. मुलगे कमी पडतात. ‘कार्मेन’च्या उनाड पोरांत टोपीखाली वेण्या खोचलेल्या मुली बऱ्याच असतात. मुलग्याचा आवाज बारा ते चौदाच्या आसपास फुटतो, जवळपास सप्तकभर खाली उतरतो, आणि इतकी वर्षं सवयीचं झालेलं दार बंद होतं. बर्गच्या ‘वोत्सेक’ या ऑपेराचा (बर्लिन, १९२५) शेवट तर विचारूच नका: इतर मुलं एका पोराला सांगतात की तुझी आई मेली, आणि ते लाकडी घोड्यावर ‘हॉप, हॉप’ करत राहतं. त्या पोराला गाणं मोजक्याच स्वरांचं, पण त्याला काय आणि किती सांगायचं हे तालमीआधी ठरवावं लागतं.

मंच हवा की नको, हा वाद चालू द्या. तोवर राज्य बालनाट्य स्पर्धेच्या प्रवेश अर्जात दोन रकाने वाढवता येतील: मूल मेकअपला किती वाजता बसलं आणि घरी जायला किती वाजता मोकळं झालं.