ब्रिटनमधल्या ‘१३० शरिया न्यायालयां’बद्दल

‘ब्रिटनमध्ये १३० हून जास्त शरिया न्यायालये आहेत, तिथे मुसलमानांना वेगळा कायदा लागू होतो,’ असा मजकूर गेली काही वर्षे व्हॉट्सॲपवर फिरतो आहे. तो चुकीचा आहे.

तिथे आहेत त्या शरिया कौन्सिल, म्हणजे लग्न-घटस्फोटासारख्या बाबतींत इस्लामी धर्मनियमांनुसार सल्ला किंवा निर्णय देणाऱ्या खासगी संस्था. त्यांना न्यायालयाचे अधिकार नाहीत. त्या कुणाला शिक्षा देऊ शकत नाहीत आणि मुलांचा ताबाही ठरवू शकत नाहीत. सरकारने नेमलेल्या मोना सिद्दिकी समितीच्या २०१८ च्या अहवालात त्यांची संख्या अंदाजे ३० ते ८५ दिली आहे. नक्की आकडा सरकारकडेही नव्हता, मग फॉरवर्ड करणाऱ्यांना तो कुठून मिळाला?

याच अहवालानुसार कौन्सिलकडे येणाऱ्यांपैकी ९० टक्क्यांहून अधिक बायका असतात आणि त्या येतात धार्मिक घटस्फोटासाठी. नवरा तलाक देत नाही, आणि अनेकींचा फक्त निकाह झालेला असतो, नोंदणी नाही. असे लग्न ब्रिटिश कायदा मानतच नाही. त्यामुळे दिवाणी न्यायालयात घटस्फोटाची दाद मागता येत नाही आणि नवऱ्याच्या मालमत्तेत पत्नी म्हणून वाटाही मिळत नाही. म्हणजे अडचण वेगळ्या कायद्याची नाही, कायद्याचे संरक्षण न मिळण्याची आहे. निकाहाआधी किंवा त्याबरोबरच नोंदणी सक्तीची करा, ही समितीची मुख्य शिफारस होती.

काही कौन्सिलांमध्ये बायकांना घटस्फोटासाठी ताटकळत ठेवतात, ही तक्रार मात्र खरी आहे. समितीनेही ती नोंदवली आहे.