लोकशाही गुंडाळताना घ्यायची काळजी

पहिली गोष्ट, संसदेला कुलूप लावू नका. रणगाडे, रेडिओ केंद्रावर कब्जा, असली कामं उतावळ्यांची. आपल्याला जपानी पद्धतीनं, सगळं नियमात बसवून करायचंय.

सुरुवात उदारपणे करा. १९२५ मध्ये तिथं पंचवीस वर्षांवरच्या बहुतेक सगळ्या पुरुषांना मताधिकार मिळाला. त्याच वर्षी ‘शांतता रक्षण’ नावाचा कायदाही आला, म्हणजे मत द्यायला मोकळीक, मत असायला बंदी.

मग सीमेपलीकडे काहीतरी घडवा. १८ सप्टेंबर १९३१ ला चीनच्या ईशान्येकडच्या मांचुरियात, मुकदेन शहराजवळ जपानी अधिकाऱ्यांनी जपानच्याच रेल्वेमार्गावर स्फोट केला. स्फोट इतका बेताचा, की थोड्या वेळानं तिथून गाडी सुखरूप गेली. पण आळ चिन्यांवर आणि मांचुरिया खिशात! टोकियोतल्या सरकारला विचारलं होतं का? छे हो. सरकारला मागाहून कळवायचं असतं.

पंतप्रधान आडवे आलेच, तर १५ मे १९३२ आठवा. नौदलाचे तरुण अधिकारी इनुकाई त्सुयोशींच्या घरात घुसले. सत्तरी उलटलेला तो म्हातारा म्हणाला, बोलू या, बोललो की कळेल. त्यांनी गोळ्या घातल्या. पण शिकण्यासारखा भाग पुढे, खटल्यात. आरोपींना देशप्रेमावर मनसोक्त बोलू द्या, वर्तमानपत्रांना ते रकानेच्या रकाने छापू द्या. दयेच्या अर्जांचे ढीग आपोआप पडतात. नीगाताच्या काही तरुणांनी तर स्वतःच्या करंगळ्या कापून बरणीतून पाठवल्या. फाशी कुणालाच झाली नाही. (मेलेल्या पंतप्रधानासाठी कोण करंगळी कापतं?)

बंदूक मात्र फार वापरू नका, डाग पडतात. १९३६ चं तरुण लष्करी अधिकाऱ्यांचं बंड फसलं, म्होरक्यांना गोळ्या घातल्या गेल्या. तरी लष्करानं त्यातूनच कमाई केली: लष्करमंत्री सेवेतला जनरलच हवा, ही जुनी अट परत आणली. पुढच्या जानेवारीत सम्राटानं उगाकी या निवृत्त जनरलना सरकार बनवायला सांगितलं. लष्करानं मंत्रीच दिला नाही, त्यामुळे सरकारच बनलं नाही. आटोपलं.

१९४० पर्यंत पक्षांनी आपणहून दुकानं बंद केली; कोण आधी, याचीच घाई. त्याच वर्षी साइतो ताकाओ नावाच्या खासदारानं सभागृहात विचारलं, चीनमधलं हे युद्ध नेमकं कशासाठी? भाषणाचा बराचसा भाग कामकाजातून काढला, पाठोपाठ त्यालाही काढलं. काढलं कुणी? सहकारी खासदारांनीच, मतदान घेऊन.

एक ढिलाई मात्र राहिली. १९४२ ची निवडणूक घेतली आणि ह्योगो प्रांतातल्या त्याच्या मतदारांनी साइतोला परत निवडून दिलं, तेही सरकारी पाठिंब्याच्या उमेदवारांत त्याचं नाव नसताना. तेव्हा मतदार याद्या वेळीच बघून घ्या.