आधी साहेबांची झडती

रात्री अकरानंतर दुचाकीवरून घरी निघणार असाल तर पहिली सूचना चेहऱ्याबद्दलची आहे. चेहऱ्यावर काहीही ठेवू नका. अमली पदार्थ शोधणाऱ्या नाकाबंदीचे बॅरिकेड दिसताच दचकलात, तर दचकलात कशाला? नाही दचकलात, तर पोरगा सराईत दिसतोय. वेग कमी केलात तर मागे वळायच्या बेतात होतात, नाही केलात तर पळायच्या. पंचनाम्याच्या मराठीत या सगळ्यासाठी एकच वाक्य तयार असतं: 'सदर इसम पोलिसांना पाहून संशयास्पद हालचाली करू लागला.' या वाक्यात न बसणारा इसम अजून जन्माला यायचा आहे. तेव्हा हालचालच करू नका. गाडी चालवताना ते थोडं अवघड जातं, पण सवयीने जमेल.

कपड्यांकडेही लक्ष द्या. इस्त्रीच्या शर्टातला, चारचाकीत मागे बसलेला पन्नाशीचा गृहस्थ अमली पदार्थ बाळगत असेल, असं नाकाबंदीवर सहसा कुणाच्या मनात येत नाही. केस वाढलेले, पाठीला सॅक, मागे बसलेला मित्र आणि नंबरप्लेट दुसऱ्या जिल्ह्याची असेल, तर मात्र बाजूला घेण्यासाठी आणखी कारण लागत नाही. गोव्याहून एमएच पाटीची गाडी घेऊन परतणारांनी बांद्याजवळ सामान उतरवायची तयारी ठेवावी. तिथे आधी दारूच शोधतात, पण पिशवी एकदा उघडली की उघडली.

आता कायदा. 'गुंगीकारक औषधी द्रव्ये आणि मनोव्यापारांवर परिणाम करणारे पदार्थ अधिनियम, १९८५' असं त्याचं भारदस्त नाव आहे. ठाण्यात सगळे एनडीपीएस म्हणतात, कारण पूर्ण नाव घेईपर्यंत डिकी उघडून झालेली असते. या कायद्यात कलम ५० आहे. त्यानुसार अंगझडती घेण्याआधी अधिकाऱ्याने तुम्हाला सांगायचं असतं, की जवळच्या राजपत्रित अधिकाऱ्यासमोर किंवा दंडाधिकाऱ्यासमोर झडती द्यायचा तुम्हाला हक्क आहे. हे सांगणं म्हणजे शिष्टाचार नाही, ते बंधनकारकच आहे, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २०१० साली विजयसिंह जडेजा खटल्यात ठणकावून सांगितलं. माझा सल्ला असा, की हे कलम तुम्हाला माहीत असेल तर घरी ठेवून निघा. कारण रस्त्यावर ते असं चालतं:

"साहेब, कलम ५० प्रमाणे मला राजपत्रित अधिकाऱ्यासमोर झडती द्यायची आहे."

"वकील आहेस काय रे?"

"नाही साहेब."

"मग तुला कसं माहीत?"

या प्रश्नाला उत्तर नाही. ज्याने काही केलेलं नाही त्याला कलमं कशाला पाठ असतील, हा युक्तिवाद बिनतोड आहे. शिवाय रात्री साडेबाराला राजपत्रित अधिकारी झोपलेले असतात आणि दंडाधिकारी तर त्याहून गाढ. ते मिळेपर्यंत तुम्हाला थांबवून ठेवायची सोय त्याच कलमात आहे. म्हणजे हक्क बजावायचा तर रात्र ठाण्याच्या बाकावर काढायची, सोडायचा तर पाच मिनिटांत घरी. लोक कोणता पर्याय निवडतात हे सांगायला नको. मग कागदावर येतं, 'हक्काची जाणीव करून दिली असता सदर इसमाने त्यास नकार दिला.' खाली तुमची सही.

पोलिसांनी मध्यंतरी तिसरा पर्यायही शोधून काढला होता. दंडाधिकारी नको, बाहेरचा राजपत्रित अधिकारी नको, तर छाप्यात आलेल्या आमच्याच अधीक्षकसाहेबांसमोर झडती द्या ना! राजस्थानातल्या परमानंद नावाच्या आरोपीच्या खटल्यात २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने हे चालणार नाही म्हणून सांगितलं. न्यायालयाला विनोदबुद्धी नाही, दुसरं काय.

बरं, कलम ५० चं हे सारं कौतुक तुमच्या अंगापुरतं. पाठीवरची सॅक म्हणजे तुम्ही नव्हे. हातातली पिशवी, ब्रीफकेस, गाडीची डिकी यातलं काहीच 'व्यक्ती' नाही, असं न्यायालयाने २००५ साली पवनकुमार खटल्यात स्पष्ट केलं आणि २०२३ साली पुन्हा सांगितलं. तुमच्या शर्टाच्या खिशाला दंडाधिकारी लागतो, पाठीला बांधलेल्या सॅकला हवालदार पुरतो. बायकांच्या अंगाची झडती बाईनेच घ्यायची, हाही नियम आहे. रात्री नाकाबंदीवर महिला पोलीस नसतील तर काय? तर पर्स आहेच की, पर्सला लिंग नसतं.

गाडीचं प्रकरण आणखी मजेदार आहे. घरात किंवा खासगी गाडीत शिरायचं तर कलम ४२ लागतं: मिळालेली खबर लिहून काढायची, ७२ तासांत वरिष्ठांना कळवायची, सूर्यास्तानंतर वॉरंट नसेल तर त्याची कारणं नोंदवायची आणि हे सगळं शिपायाच्या वरच्या दर्जाच्या माणसाने करायचं. सार्वजनिक जागी मात्र कलम ४३, तिथे यातली बरीच लिखापढी वाचते. मग रस्त्यावर असलेली तुमची गाडी खासगी की सार्वजनिक? २०२१ च्या एप्रिलमध्ये सर्वोच्च न्यायालयाने बूटा सिंग खटल्यात म्हटलं की जीप सार्वजनिक रस्त्यावर उभी असली तरी जीप खासगीच, म्हणून कलम ४२ पाळायला हवं होतं, आरोपी सुटले. त्याच वर्षी डिसेंबरात कल्लू खान खटल्यात मोटारसायकल रस्त्यावर अडवली होती, तेव्हा सार्वजनिक जागा, कलम ४३, शिक्षा कायम. सबब, घरून निघण्यापूर्वी आपलं वाहन नक्की काय आहे याचा निर्णय करून ठेवावा आणि शक्य झाल्यास तो मडगार्डवर रंगवून घ्यावा.

बैल असतील तर आणखी जपा. कलम ४९ प्रमाणे संशयित जनावर किंवा वाहन थांबवता येतं, विमान असेल तर खाली उतरवता येतं आणि कायदेशीर उपाय करूनही थांबलं नाही तर त्या जनावरावर किंवा वाहनावर गोळी झाडता येते. विमानवाले त्यांचं पाहून घेतील. बैलगाडीवाल्यांनी मात्र आपल्या ढवळ्या-पवळ्याला 'थांब' हा शब्द पोलिसी आवाजात ओळखायला शिकवावं.

फोन. २०२१ च्या ऑक्टोबरात हैदराबादमध्ये पोलीस रस्त्यावर तरुणांना अडवून व्हॉट्सअ‍ॅपमध्ये 'गांजा' वगैरे शब्द टाकून शोधत होते, त्याची चित्रफीत देशभर फिरली. तेव्हा आपले कौटुंबिक ग्रुप आजच तपासा. 'मेतकुटाची पुडी पाठवली आहे, मिळाली का', 'माल संपला, पुढच्या खेपेला जास्त आण', 'मामाकडून हिरवं घे' असले संदेश आईने पाठवलेले असतात आणि आईला जामीन मिळवणं किती जड जातं याचा तिला अंदाज नसतो. पिठीसाखर, सुंठ, दळलेली वेलची यांची प्रवासात वाहतूक टाळा. खसखस इथे वाण्याकडे मिळते, पण दुबईच्या विमानात बसणार असाल तर लेकीसाठी नेलेल्या अनारशांवरूनही ती खरवडून काढा. तिथे त्या दाण्यांना अफूच समजतात आणि दिवाळीचा फराळ हा बचाव तिथल्या कायद्यात नाही.

पंच, म्हणजे झडतीचा साक्षीदार, हा या खेळातला सगळ्यात दुर्लक्षित माणूस. कायद्याला त्या भागातले दोन किंवा अधिक स्वतंत्र, प्रतिष्ठित रहिवासी हवे असतात. रात्री एक वाजता चौकात प्रतिष्ठित रहिवासी कोण सापडणार? टपरीवाला, रिक्षावाला, नाहीतर कुत्र्याला फिरवायला निघालेले निवृत्त बँक मॅनेजर. मॅनेजर एकदा सही करतात आणि पुढची सात वर्षं समन्स घेत फिरतात, त्यामुळे दुसऱ्या वेळी कुत्र्याला गॅलरीतच फिरवतात. मग तेच ते पंच सगळीकडे दिसू लागतात. २ ऑक्टोबर २०२१ ला मुंबई-गोवा क्रूझवर अमली पदार्थविरोधी विभागाचा, म्हणजे एनसीबीचा छापा पडला, आर्यन खानला अटक झाली. त्या छाप्यातल्या एका पंचाने आर्यनसोबत सेल्फी काढला आणि त्याच महिन्यात पुणे पोलिसांनी त्या पंचालाच फसवणुकीच्या जुन्या गुन्ह्यात अटक केली. आर्यनच्या अंगावर काहीच सापडलं नव्हतं. पुढच्या वर्षी मे महिन्यात आरोपपत्र आलं तेव्हा त्यात त्याचं नावही नव्हतं. मधले जवळपास चार आठवडे मुलगा आत होता. बाप शाहरुख खान, वकील नामांकित, तरी जवळपास चार आठवडे. तुमच्या वडिलांचं नाव आणि तुमच्या वकिलाची फी यावरून तुमचा हिशेब तुम्हीच मांडा.

आता खिसे. कायद्याने तुमच्या ताब्यात माल सापडला, की तो तुम्ही जाणूनबुजून बाळगला असं गृहीत धरलं जातं. कलम ३५ आणि ५४ त्यासाठीच आहेत. नाही म्हणायचं तर तुम्ही सिद्ध करायचं. म्हणजे प्रश्न एवढाच उरतो, की खिशात गेलं कसं. यावर आपल्या पोलिसी परंपरेत सुंदर उपाय आहे. झडतीपूर्वी पोलीस आणि पंच स्वतःची झडती देऊ करतात, आमच्याकडे काही नाही हे आधी पाहून घ्या म्हणतात. पंचनामे उघडून पाहा, बहुतेकांत ते वाक्य मिळेल. त्याला जोडून दुसरंही मिळेल: सदर इसमाने साहेबांची झडती घेण्यास नकार दिला. इतकी भिडस्त जमात गुन्हेगारीकडे वळतेच कशी, हे समाजशास्त्रज्ञांनी पाहावं.

मी म्हणतो, नकार देऊ नका. नम्रपणे म्हणा, "साहेब, आधी तुमची घेतो." दोन्ही हात वर करायला सांगा, खिसे उलटे करायला सांगा, डिकी कुठे आहे विचारा. २०२४ च्या ऑगस्टमध्ये मुंबईत कलिना भागात एका माणसाच्या खिशात पोलिसच काहीतरी सरकवतायत असं सीसीटीव्हीत दिसलं, म्हणून खार पोलीस ठाण्याचे चौघे निलंबित झाले. तिथे कुणी आधी साहेबांची झडती घेतली असती तर बिचाऱ्यांच्या नोकरीवर हे बालंट आलं नसतं. पोलिसांच्या हितासाठी तरी एवढं करा. आणि उभं राहायचं ते कॅमेऱ्याच्या टप्प्यात, दुकानाच्या पाटीखाली. नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने १ जुलै २०२४ पासून झडतीचं चित्रीकरण सक्तीचं केलंय. ते करायचा मोबाइल साहेबांचा, कुठून सुरू आणि कुठे बंद करायचा हेही त्यांच्या अंगठ्यावर. चार्जर जवळ ठेवत जा, ऐनवेळी बॅटरी जाते.

वजनांचीही थोडी ओळख असू द्या. मेफेड्रोन, म्हणजे एमडी, २ ग्रॅमपेक्षा कमी ते अल्प प्रमाण, ५० ग्रॅमपेक्षा जास्त ते व्यावसायिक. गांजाला हेच आकडे १ किलो आणि २० किलो. व्यावसायिक ठरलात की कलम ३७ लागतं आणि जामिनासाठी न्यायाधीशांना खटल्याआधीच वाटावं लागतं की तुम्ही निर्दोष असण्याला वाजवी आधार आहे.

तुम्ही म्हणाल, एवढी नाकाबंदी लागते म्हणजे माल येतोय कुठून? छान प्रश्न, पण नाकाबंदीवर विचारू नका. २०२४ च्या फेब्रुवारीत पुणे पोलिसांनी कुरकुंभच्या औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यातून एमडी जप्त केलं, तेही किलोंनी. त्याआधी २०२३ मध्ये पुण्यात ससून रुग्णालयाच्या दारातच एमडी पकडलं गेलं. सूत्रधार म्हणून ज्याचं नाव आलं तो ललित पाटील आत वॉर्डात उपचार घेणारा कैदी, पोलिसांच्याच पहाऱ्यात. २ ऑक्टोबरला तो पहाऱ्यातून निघूनही गेला. कारखान्याला डिकी नसते आणि वॉर्डातल्या पेशंटच्या पाठीला सॅक नसते. झडतीला तुमच्यासारखा सोयीचा माणूस दुसरा नाही. आठवड्याच्या विशेष मोहिमेत अमुक वाहनं तपासली हा आकडा वर पाठवायचा असतो, आणि बारा तास उभ्या असलेल्या शिपायाला तो तुमच्याशिवाय कोण देणार? त्याच्याशी मला तक्रारही नाही, त्याचेही पाय दुखतात.

तरीही झडती विनाकारण झाली असं वाटलं, तर कायद्याने तुम्हाला वाऱ्यावर सोडलेलं नाही. संशयाला वाजवी कारण नसताना किंवा नुसता त्रास द्यायला झडती घेणाऱ्या अधिकाऱ्याला कलम ५८ खाली सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा हजार रुपयांपर्यंत दंड. २०१९ च्या दुरुस्तीनंतर मोटार वाहन कायद्यात हेल्मेट न घालण्याचा दंडही हजारच आहे, म्हणजे भाव सारखाच बांधलाय. वर कलम ६९ आहे, सद्भावनेने केलेल्या कृतीला संरक्षण देणारं. रस्त्यावरच्या रिकाम्या झडतीची पावती कुणी फाडत नाही, त्यामुळे आधी झडती झाली हे दाखवायचं, मग ती सद्भावनेने झाली नाही हे. तेवढं जमवून दुसऱ्या दिवशी ठाण्यात जा, ठाणे अंमलदारासमोर उभे राहा.

"काय तक्रार आहे?"

"काल रात्री नाकाबंदीवर माझी झडती घेतली."

"काही सापडलं का?"

"नाही साहेब."

"मग तक्रार कसली?"