कलाकाराला मंत्री केलं की झालं?

नाशकात कालिदास नाट्यगृहात प्रयोग सुटला की बाहेर चहावर हा विषय निघतोच, की सांस्कृतिक खातं एकदा खऱ्या कलाकाराला द्या मग बघा कसं होतं. मला अर्धंच पटतं. विनोद खन्ना नव्हते का २००२ ला केंद्रात पर्यटन-संस्कृतीचे राज्यमंत्री? वर्षभरही मिळालं नाही त्यांना, त्यात काय होणार.

पण ब्राझीलचा जिल्बेर्तो जिल बघा. गाणारा माणूस, हुकूमशाहीत अटक झाली, मग लंडनला परागंदा, आणि २००३ ला तोच राष्ट्राध्यक्ष लूलांच्या सरकारात सांस्कृतिक मंत्री, २००८ पर्यंत. मंत्री असतानाही कार्यक्रम करायचा म्हणून टीका झाली त्याच्यावर. संयुक्त राष्ट्रांच्या सभागृहात गायला तेव्हा खुद्द सरचिटणीस कोफी अन्नान तालवाद्य वाजवत होते, तो व्हिडिओ लोक अजून फिरवतात. मला मात्र त्याची २००४ ची योजना भारी वाटते. पोर्तुगीज नावाचा अर्थ साधारण 'संस्कृतीची ठिकाणं'. नवीन भवन बांधायचं नाही, फीत कापायची नाही, तर वस्तीत, खेड्यात जे लोक आधीपासून नाचतायत, गातायत, शिकवतायत त्यांच्याकडून अर्ज मागवायचे आणि निवडलेल्यांना हप्त्याहप्त्याने साधारण १ लाख ८५ हजार रेआल (तिथलं चलन), वर कॉम्प्युटर, रेकॉर्डिंगचं सामान, फुकटची सॉफ्टवेअर. स्वतःचं स्वतः रेकॉर्ड करा! शरीरातले नेमके बिंदू दाबून त्याला जाग आणावी तसं देशाच्या संस्कृतीचं करायचं, असं तो शपथविधीनंतरच्या भाषणातच म्हणाला होता.

आता आपलं. नाशिक जिल्ह्यातच पेठ, सुरगाण्याकडे बोहाडा होतो, रात्रभर संबळ-सनईवर मुखवटे घातलेली सोंगं नाचतात, गाव स्वतःच्या वर्गणीवर करतं. आपण तिकडे जातो, रील काढतो, येतो. सरकारचं मानधन आहे कलावंतांना आणि ते हवंच, पण ते पन्नाशी उलटल्यावर. मुखवटा रंगवायला शिकणाऱ्या विशीतल्या पोराला काय? तो द्राक्षाच्या बागेत मजुरीला येतो ना नाशकात! आमचे नाटकवाले मित्र चिडतील, पण आपल्याला हॉलचं भाडं कमी करून पाहिजे असतं आणि त्यालाच आपण सांस्कृतिक धोरण म्हणतो.

अर्थात जिलचं सगळं गोड झालं असं नाही हं. पैसे घेतलेल्या छोट्या मंडळांना हिशेबाची कागदपत्रं सादर करताना नाकीनऊ आले, ज्यांनी कधी पावती ठेवली नाही त्यांच्याकडून सरकारी ऑडिट मागितलं तर दुसरं काय होणार. शेवटी २०१४ ला कायदा झाला आणि हिशेबाची पद्धत सोपी केली, तोवर जिल मंत्रिपद सोडून सहा वर्षं झाली होती. पुढे २०१९ ला तर खातंच बंद केलं तिथल्या सरकारने आणि २०२३ ला परत सुरू झालं तेव्हा मंत्री कोण, तर मार्गारेथ मेनेझेस, जिलच्याच बाहिया राज्याची गायिका.

म्हणून मी विचारतो, उद्या आपल्याकडे एखादा गायक-नट मंत्री झाला तर सुरगाण्याच्या बोहाड्याच्या मंडळाकडून तो तीन कोटेशनं आणि जीएसटीचं बिल मागणार का? कुणाला अनुदानाचा अर्ज भरल्याचा अनुभव असेल तर कमेंटमध्ये सांगा, मला खरंच ऐकायचंय.