माझ्या भाचीचं ‘पानी’

गेल्या रविवारी पुण्याहून भाचीचा व्हिडिओ कॉल आला. ती सिव्हिल इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे, कर्वेनगरात तीन मैत्रिणींबरोबर खोली घेऊन राहते. बोलता बोलता म्हणाली, “मावशी, मी क्लास लावलाय. पर्सनॅलिटी डेव्हलपमेंटचा.” कशाला, म्हणून विचारलं तर गप्प झाली. मग हळूहळू कळलं. वर्गात उजनी धरणावर प्रेझेंटेशन होतं. पहिल्याच वाक्यात तिनं ‘पानी’ म्हटलं आणि मागच्या बाकावरून कुणीतरी ओरडलं, “पानी नाही, पाणी!” वर्ग हसला. सरही हसले. पुढची दहा मिनिटं ती मान खाली घालून स्लाइडवरचं इंग्रजी वाचत राहिली. आता क्लासमधल्या मॅडम तिला आरशासमोर उभं करून ‘पाणी, लोणी, आणि, कोणी’ घोकायला लावतात. फी सहा हजार.

आमचं गाव करमाळा तालुक्यात, उजनीच्या बॅकवॉटरला लागून. धरणाची क्षमता सुमारे ११७ टीएमसी (अब्ज घनफूट), त्यातला निम्म्याहून जास्त मृतसाठा, म्हणजे दरवाजांच्या खाली राहणारं पाणी. हे आकडे या पोरीला पुस्तक न उघडता पाठ आहेत, कारण ‘धरण मायनसमध्ये गेलं’, म्हणजे पाणी मृतसाठ्यापर्यंत उतरलं, ही बातमी आली की आमच्या घरातलं जेवण मुकाट्यानं होतं. पाणी मागं हटेल तशी मोटार पुढं न्यायची, पाइपाला पाइप जोडत जायचे, हे तिनं वडलांबरोबर चिखलात उतरून केलंय. त्या वर्गात या विषयावर बोलायचा तिच्याइतका अधिकार कुणाला होता? आणि नेमकी तिचीच वाचा बसवली.

मी हे ऐकून रात्रभर जागी होते, कारण ते सगळं माझ्याही बाबतीत घडलेलं आहे. वीस वर्षांपूर्वी मी पुण्यात शिकायला आले तेव्हा ‘व्हतं’, ‘फुडं’, ‘हिकडं’, ‘लई’ हे सगळं घेऊन आले होते. महिन्याभरात ते तोंडातून काढून टाकलं. पहिल्या दिवाळीच्या आधी आई एसटीनं स्वारगेटला उतरली, दशम्या, शेंगदाण्याची चटणी आणि माझ्यासाठी शिवलेला ड्रेस घेऊन हॉस्टेलवर आली. खोलीत मैत्रिणी बसल्या होत्या. आई पलंगाच्या कडेवर टेकली, पदरानं घाम पुसला आणि म्हणाली, “पानी हाय का गं?” मी सगळ्यांदेखत म्हटलं, “आई, पाणी म्हण.” तिनं माझ्याकडे पाहिलं. मी दिलेला तांब्या तोंडाला लावला. त्यानंतर संध्याकाळच्या गाडीत बसेपर्यंत ती माझ्या मैत्रिणींसमोर एक शब्द बोलली नाही, नुसती हसून मान डोलावत राहिली. या गोष्टीबद्दल मी तिची माफी मागितली ती थेट गेल्या वर्षी. ती म्हणाली, “मला आठवत बी न्हाई.” तिला आठवतं, हे मला माहीत आहे.

आता मी जर्मनीत श्टुटगार्टला राहते, अकरा वर्षं झाली. इथल्या लोकांची बोली श्वाबी. प्रमाण जर्मनमधल्या ‘इस्ट’चं हे ‘इश’ करतात, छोट्या घराला ‘हॉयस्ले’ म्हणतात, काम करण्याला ‘शाफं’. आमच्या विभागातले निवृत्तीला आलेले एक ज्येष्ठ इंजिनिअर संचालकांच्या बैठकीतसुद्धा असंच बोलतात. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी घाबरून आजूबाजूला पाहिलं, आता कोण हसणार म्हणून. कुणी मान वर केली नाही, सगळे त्यांच्या आलेखाकडे बघत होते. आणि या बाडेन-व्युर्टेम्बर्ग राज्यानं स्वतःच्या जाहिरातीसाठी घोषवाक्य काय निवडलं होतं? ‘आम्हाला सगळं येतं, फक्त प्रमाण जर्मन येत नाही.’ १९९९ पासून वीस वर्षांहून जास्त काळ ते सरकारी फलकांवर होतं. जगभर गाड्या विकणारं राज्य आपल्या उच्चारांबद्दल असं छाती पुढे काढून बोलतं, हे वाचून मला त्या दिवशी रडू आलं होतं.

तिकडे सगळं चांगलं आणि आपल्याकडे सगळं वाईट, असं मात्र मी म्हणणार नाही. याच श्वाबी माणसाची बर्लिनमध्ये टर उडवली जाते. आणि जी मोकळीक इथल्या माणसाला आहे ती मला नाही. माझ्या जर्मनमधला मराठी हेल ऐकून दवाखान्यातली बाई पटकन इंग्रजीवर येते. इथंच जन्मलेल्या माझ्या तुर्की शेजारणीला अजून विचारतात, तू मूळची कुठली? माणसाच्या तोंडावरून त्याची किंमत ठरवण्याची खोड सगळीकडेच आहे. पण इथून दोन-तीन तासांवरच्या झ्युरिकमध्ये मी जे पाहिलं ते आपल्याला घेण्यासारखं आहे. तिथं वर्तमानपत्र प्रमाण जर्मनमध्ये छापलेलं असतं आणि ते वाचणारा प्राध्यापक, बँकेचा अधिकारी, भाजीवाली, सगळे आपसात आपल्या स्विस बोलीत बोलतात. लिहायची एक, बोलायची एक. त्यात लाजण्यासारखं काही आहे असं तिथं कुणाला वाटतच नाही.

हे सगळं मी आमच्या घरच्या ग्रुपवर लिहिलं, तर वाद पेटला. पुण्यात उभं आयुष्य काढलेले काका म्हणाले, मुलाखतीत ‘न’ आणि ‘ण’ कळला नाही तर पोरगी मागे पडेल, तुला तिकडे बसून बोलायला काय जातंय. काकांची काळजी खरी आहे. त्यांनीही हे सोसलंय. लिहिताना प्रमाण मराठी हवीच, मीही माझ्या लेकीला ‘आणि’ असंच लिहायला शिकवते. पण आपल्या शुद्धलेखनाचे नियम लेखनाचे आहेत. आणि १९६२ साली ते ठरले तेव्हा जे अनुस्वार बोलताना उमटत नव्हते ते लिहिण्यातून काढून टाकले गेले. म्हणजे तोंडाप्रमाणे लेखणी वळवली. मग एका तोंडाला तो मान आणि दुसऱ्याला हसू, हे का? कारण सांगायला जीभ जड होते, पण सांगते: ‘न’ ऐकला की समोरचा माणूस गाव, जात, आईबापांचं शिक्षण सगळं क्षणात ठरवून मोकळा होतो. हसतात ते त्या ‘न’ला नाही.

याच पुण्यात विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी निबंधमालेतून जोतीराव फुल्यांच्या मराठीची आणि व्याकरणाची खिल्ली उडवली होती. जोतीरावांनी आपली भाषा बदलली नाही. १८८५ मध्ये रानड्यांनी मराठी ग्रंथकार सभेचं निमंत्रण धाडलं, तेव्हा त्यांनी पत्र लिहून नकार कळवला. जी सभा आमच्या माणसांचे हक्क मनापासून मानत नाही तिच्याशी आमचं जमायचं नाही, असा त्या पत्राचा आशय. स्वाभिमान म्हटलं की मला ते पत्र आठवतं. गंज पेठेतला त्यांचा वाडा भाचीच्या खोलीपासून बसनं फार तर पाऊण तास. दिवाळीत येईन तेव्हा तिला घेऊन जाणार आहे.

रोज सकाळी ग्रुपवर येतं, ‘स्वतःवर प्रेम करा’, ‘जसे आहात तसे राहा, कुणाची माफी मागू नका’. हे शब्द चांगले आहेत, मला त्यांची चीड नाही. पण ते पाठवणाऱ्यांना माझं हात जोडून सांगणं आहे की आपल्या घरातली मुलगी ‘पानी’ म्हणाली तर तिला तिचं वाक्य पुरं करू द्या. खडकवासल्यातून सुटलेलं, मुळा-मुठेनं वाहून नेलेलं पाणी भीमेतून आमच्या उजनीत येतं. वरती ते ‘पाणी’ असतं, आमच्याकडे पोचेपर्यंत ‘पानी’ होतं. ऊस दोन्हीवर सारखाच वाढतो.

भाचीनं सरांकडे जाऊन पुन्हा एकदा वेळ मागून घेतली, तीही कुणी न सांगता. सरांनी शुक्रवार दिलाय. काल रात्री तिनं मला तालीम करून दाखवली. फोन पुस्तकांना टेकवून उभी राहिली, घसा साफ केला.

“उजनीत पुन्याकडनं जे पानी येतं…” एवढं म्हणून थबकली आणि माझ्याकडे बघायला लागली.

मी म्हटलं, “फुडं बोल.”