आमच्या गावची भांडणं आम्ही बघतो, तुम्ही तेल ओतू नका

सकाळपासून डोकं फिरलंय. घरच्या ग्रुपवर पुण्याच्या कुठल्यातरी पोराची रील आली, सीमाभागात कानडी बोलणारा दिसला की ठोका म्हणे. खाली आमच्याच पाहुण्यांचे अंगठे.

अरे बाबा, हिकडं कधी आलायस काय? बेळगावच्या पश्चिमेला आमचं गाव, डोंगर ओलांडला की चंदगड तालुका म्हणजे महाराष्ट्र. त्यांचा बाजार बेळगाव, आमच्या लेकी तिकडं दिलेल्या, तिकडच्या आमच्यात सुना. भात, रताळी, नाचणा करणारी माणसं, आणि बऱ्याच घरातला एकजण मराठा लाइट इन्फंट्रीत. 1 नोव्हेंबर 1956 ला ही गावं मुंबई राज्यातनं उचलली आणि म्हैसूर राज्यात, म्हणजे आताच्या कर्नाटकात, टाकली. सीमावादासाठी केंद्रानं नेमलेल्या महाजन आयोगानं 1967 ला 264 गावं महाराष्ट्राला द्या म्हटलं पण बेळगाव नाही, ते आम्ही मानलं नाही, मानणार पण नाही. 2004 पासून केस सुप्रीम कोर्टात पडून आहे.

आता माझ्या काकाचं ऐक. 1986, कन्नड सक्तीच्या विरोधातलं आंदोलन, काका तवा विशीतला. गोळीबारात नऊ माणसं गेली, बेळगावजवळ हिंडलग्याला त्यांचं स्मारक आहे. काका पाठीवर लाठ्या खाऊन रात्री शेतातनं गावात आला, मागं पोलीस, आमच्या घरी जायची सोयच नव्हती. शिरला तो धनगराच्या घरात. त्या घरात बोलणं सगळं कानडी. तिथल्या आव्वानं त्याला मेंढरांच्या वाड्यात झोपवलं, वर घोंगडं टाकलं आणि दारात आलेल्या पोलिसांना "यारू इल्लरी", म्हणजे कुणी नाही, म्हणून वाटेला लावलं. नंतर रात्रभर हळद-तेल लावत बसली.

त्या आव्वाला ठोकणार काय तू?

आमचं भांडण कागदाशी आहे. उतारा कानडीत, नोटीस कानडीत, आणि काउंटरवर मराठी बोललं की समोरचा मानच वर करत नाही. हितं राहायचं तर कानडी वाचता आलं पाहिजे, बरं, मान्य, माझी पोरं शिकतायत. पण 15 टक्क्यांच्या वर भाषिक अल्पसंख्याक असतील तिथं त्यांच्या भाषेत कागद द्यायचे हे सरकारनंच ठरवलेलं आहे ना, मग द्या की! एवढ्यासाठी सत्तर वर्षं म्हातारी माणसं रांगेत उभी करायची? आणि "सोडून द्या आता, काय मिळालं तुम्हाला" म्हणणाऱ्या शहाण्यांचा तर मला रीलवाल्यापेक्षा जास्त राग येतो.

मिळालं काय ते सांगतो. कडोली, उचगाव, बेळगुंदी, येळ्ळूर, ही खेडी आहेत, आणि ही खेडी स्वतःची मराठी साहित्य संमेलनं भरवतात. वर्गणी काढून, ग्रंथदिंडी काढून, शेतातली कामं सोडून बायका डोक्यावर कलश घेऊन चालतात. मोठ्या शहरात हे करून दाखवा. असल्या दिंडीत आव्वाच्या नातवाला मी ढोल वाजवताना बघितलंय, आणि त्याला कुणी तू कोण म्हणून विचारलं नाही. काका तर त्याला पोटच्या पोरासारखं वागवतो, त्याच्या लग्नात अक्षता टाकायला पहिला उभा होता.

काकाला ती रील दाखवली नाही मी. दाखवणारही नाही.

एक जूनला, 86 च्या हुतात्म्यांच्या दिवशी, हिंडलग्याला जरूर या, पोरांना घेऊन या. येताना वाटेतल्या गावात थांबा, 86 साल ज्यांनी अंगावर घेतलं ती माणसं आता साठी-सत्तरीला आलीत, त्यांच्याजवळ बसा आणि ते सांगतील ते मोबाईलमध्ये रेकॉर्ड करा. मराठीत सांगतील, काहीजण कानडीत सांगतील. दोन्ही करा.